पत्रा, कागद आणि शेवटी इंजिन: एका मॅटाडोरचं प्रकरण

जुनी मॅटाडोर व्हॅन बघायला गेलेला माणूस पहिल्यांदा सेल्फ मारून बघतो. इंजिन धडधडलं की त्याचा चेहरा खुलतो, धूर पांढरा की काळा यावर अर्धा तास चर्चा होते, आणि तेवढ्यावर सौदा ठरतो. बेळगाव भागात तरी हा क्रम उलटा हवा. इंजिन हीच एक गोष्ट इथे पैसे टाकले की हमखास उभी राहते. पत्र्याला पैशाबरोबर वेळ लागतो, आणि कागद कधी कधी पैसे आणि वेळ दोन्ही देऊनही होत नाहीत. पुढचं प्रकरण त्या दृष्टीने वाचावं. व्यवहाराआधी गाडी आणि कागद बघून द्यायला मला बोलावलं होतं, त्यामुळे बरंचसं समोर घडलेलं आहे.

घेणारे दोघे भाऊ, खानापूर तालुक्यातले. थोरले बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीत लेथवर काम करून निवृत्त झालेले, त्यांना सगळे अण्णा म्हणतात. धाकट्यांचं बेळगावात दुकान. नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत अण्णा रोज वडापच्या, म्हणजे सीटमागे भाडं घेणाऱ्या, मॅटाडोरने यायचे, बहुतेकदा ड्रायव्हरशेजारी इंजिनावरच्या झाकणावर बसून. त्या झाकणाला सगळे बॉनेटच म्हणायचे. थंडीत ती जागा मिळवायला भांडणं व्हायची आणि उन्हाळ्यात तिथे बसायला कोणी तयार नसायचं. तर अण्णांना तशी एक गाडी हवी होती. घरची माणसं घालून सौंदत्तीला यल्लम्माला जायचं, जोतिबाला जायचं, पै-पाहुण्यांच्या लग्नाला जायचं.

गाडी मिळाली ती गडहिंग्लज तालुक्यात, मावशीच्या सासरकडच्या पाहुण्यांकडे. बेळगावच्या निम्म्या घरांची सोयरीक चंदगड, आजरा, गडहिंग्लजमध्ये आहे. १९५६ साली राज्यांची हद्द ठरली, पण मुली देणं-घेणं तसंच चालू राहिलं. अशा व्यवहारात भाव करताना जीभ जड होते, आणि कागद मागताना त्याहून जड. हा मुद्दा पुढे महागात पडला असता.

गाडी १९८६ ची. बजाज टेम्पो कंपनीची, म्हणजे आजची फोर्स मोटर्स. कंपनी १९५८ ची, नाव बदललं २००५ साली. मॅटाडोरचं मूळ जर्मन, पण आकुर्डीच्या कारखान्यातून निघालेल्या या गाडीने शाळा, दवाखाने, दूध, वऱ्हाड असं सगळं वाहिलं. ही गाडी एका बँडपार्टीची. बँडमास्तर वारले, मुलं वेगळ्या धंद्यात गेली आणि गाडी गोठ्याशेजारी पत्र्याच्या शेडमध्ये उभी राहिली. आत छताला ट्रंपेट टांगायचे हूक तसेच होते. वर मोठा कॅरिअर, ढोल-ताशे आणि ते विजेच्या दिव्यांचे खांब ठेवायला.

तो कॅरिअर बघितल्याबरोबर मी शिडी मागितली. पाहुण्यांना नवल वाटलं, कारण आधी आलेल्या गिऱ्हाइकांपैकी कोणी वर चढलं नव्हतं. कॅरिअरचे पाय छताच्या कडेच्या पन्हळीत, ज्याला मेस्त्री लोक गटर म्हणतात, तिथे बोल्टाने आवळलेले होते. एकेका बोल्टाभोवती पत्रा जाळीसारखा झालेला. पाणी तिथून आत शिरतं, छताच्या आतल्या हार्डबोर्डवरून खांबात उतरतं, खांबातून खाली उंबऱ्यात साठतं. म्हणजे वरचं भोक दिसतं बोटाएवढं, पण नुकसान होतं चार फूट खाली, दाराच्या पायरीपाशी. खिशातला लोहचुंबक पायरीवर फिरवला तर दोन ठिकाणी चिकटेना. तिथे पत्रा नव्हताच, पुट्टी होती. छोट्या हातोडीने ठोकलं की धातूचा टणटण आवाज येतो आणि पुट्टीचा भद्द. जुनी गाडी बघायला चुंबक, हातोडी आणि टॉर्च एवढं पुरतं. सिलिंडरमधला दाब मोजणारा कॉम्प्रेशन मीटर नंतर लावता येतो.

गाडी सुरू झाली. बॅटरी नेलीच होती, हीटर प्लग थोडे जास्त तापवावे लागले, पण चौथ्या-पाचव्या फेरीला पेट घेतला आणि छान चालली. अण्णा खूश. त्यांच्याबरोबर आलेले बेळगावचे मेस्त्री मात्र खाली वाकून ब्लॉकवरची धूळ पुसत बसले होते. म्हणाले, "अण्णा, हे इंजिन ह्या गाडीचं नव्हे. ट्रॅक्सचं दिसतंय."

मशीन म्हणून त्यात काही बिघडत नाही, उलट बरंच. मर्सिडीजचं ओएम ६१६ हे २३९९ सीसीचं चार सिलिंडरचं डिझेल इंजिन बजाज टेम्पोने परवान्याखाली इथे बनवलं आणि ते मॅटाडोरबरोबर आपल्याच ट्रॅक्स जीप आणि ट्रॅव्हलर व्हॅनमध्येही बसवलं. त्यामुळे पिस्टन, रिंगा, बेअरिंग, हेड गॅस्केट आजही मिळतं. पंप आणि नोझल बघणारे जुने हात बेळगावातही आहेत आणि कोल्हापुरातही. क्रँक ग्राइंडिंग तर बेळगावचं घरचं काम. उद्यमबागेतून क्रँकशाफ्ट, हायड्रॉलिकचे भाग, फाउंड्रीचं कास्टिंग देशभर जातं. म्हणूनच मेस्त्री पुढे बोलले ते मला पटलं: "इंजिनाचं काय घेऊन बसलाय? इंजिन मी उभं करतो की. आरसीवर नंबर कुठला हाय ते बघा आधी."

आरसी बुकावर, म्हणजे गाडीच्या नोंदणीच्या पुस्तकात, नंबर दुसरा होता. चेसिसचा बरोबर, इंजिनाचा चूक. कधीतरी मूळ इंजिन गेलं, दुसरं बसवलं, आणि कोणी आरटीओत नोंद केली नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे गाडीत असा बदल केला की तो नोंदवावा लागतो. त्या काळी खेडोपाडी हे कोणी करत नव्हतं.

त्या एका पुस्तकात अडचणी आणखीही होत्या. मालक म्हणून बँडमास्तरांचं नाव, ते हयात नाहीत. नोंदणीची मुदत कधीच संपलेली. आणि एका पतसंस्थेच्या कर्जाचा बोजा चढवलेला, तो उतरवलेला नाही. कर्ज फिटलं होतं असं घरचे शपथेवर सांगत होते. पतसंस्था मात्र बंद पडून अवसायनात गेली होती.

इथे दोघा भावांचं जुंपलं. धाकटे म्हणाले, सोडून द्या, दुसरी बघू. अण्णांचं म्हणणं, पाहुणे आहेत, पैसे देऊन गाडी आत्ताच उचलू, कागद होतील सावकाश. माझं मत विचारलं तेव्हा मी सांगितलं की दोन्ही नको. गाडी घ्यायला हरकत नाही, पण ती हद्द ओलांडण्याआधी कागद महाराष्ट्रात पूर्ण झाले पाहिजेत. एकदा ती खानापुरात येऊन उभी राहिली आणि कोल्हापूरच्या कार्यालयाला तपासणीसाठी हवी झाली, तर न चालणारी, विमा नसलेली, मुदत संपलेली गाडी ट्रेलरवर घालून परत न्यावी लागेल. शिवाय तोवर आपण पत्रा कापलेला असेल, रंग खरवडलेला असेल. आरसीवर क्रीम लिहिलंय आणि इन्स्पेक्टरसमोर लाल प्रायमरची गाडी, असं झालं तर प्रश्न वाढतात.

म्हणून सौदा असा लिहिला: पंचाऐंशी हजार किंमत, त्यातले पंधरा हजार विसार, उरलेले ना-हरकत प्रमाणपत्र हातात आल्यावर. तोवर गाडी पाहुण्यांच्याच शेडमध्ये. नोंदणी, बोजा आणि वारस ही तीन कामं विकणाऱ्यांनी सह्या देऊन करून द्यायची, खर्च घेणाऱ्यांचा. कागद स्टॅम्पपेपरवर. पाहुण्यांच्या घरातल्या आजी रागावल्या. "पावण्या-पावण्यांत कसला गा स्टॅम्प?" अण्णा मान खाली घालून चहा पीत राहिले. शेवटी धाकट्यांनीच समजावलं, "मावशी, हे तुमच्याच अंगावरची जबाबदारी काढायला आहे. उद्या गाडीनं कुणाला उडवलं तर नोटीस तुमच्या नावानं येईल." हे त्यांना पटलं, आणि खरंही होतं. आरसीवर ज्याचं नाव तो कायद्याने मालक, गाडी कोणी का चालवेना.

"विंटेज" या शब्दाबद्दल इथेच सांगतो, कारण धाकट्यांनी मोबाइलवर वाचून विंटेज गाड्यांना मिळणारा व्हीए मालिकेचा नंबर घ्यायचं डोक्यात घेतलं होतं. केंद्राने जुलै २०२१ मध्ये विंटेज गाड्यांसाठी वेगळे नियम काढले. पहिल्या नोंदणीपासून पन्नास वर्षांहून जुनी गाडी हवी, वापर खासगी हवा, चेसिस, बॉडी किंवा इंजिनात मोठा फेरफार झालेला नको. नोंदणीला २०,००० रुपये, दहा वर्षांसाठी. आणि तो नंबर मिळाला की रोजच्या वापराला गाडी रस्त्यावर काढता येत नाही. प्रदर्शन, रॅली, दुरुस्ती, इंधन भरणं एवढ्यापुरतीच. १९८६ ची गाडी त्यात बसत नाही. बसली असती तरी यल्लम्माच्या डोंगरावर घरची माणसं घेऊन जायला तिचा उपयोग नव्हता. ज्याला गाडी वापरायची आहे त्याने साध्या नोंदणीच्याच मागे लागावं.

दुसरा मोह भाड्याचा. लग्नाआधीच्या फोटोंना, गोव्याच्या पर्यटकांना अशी गाडी द्यायची, वर्षात खर्च निघतो, असं कोणीतरी सुचवलं होतं. भाडं घ्यायचं तर पिवळी नंबरपाटी, परमिट, फिटनेस, ट्रॅकिंगचं यंत्र, आणि चोर्ला घाट ओलांडला की गोव्याचा वेगळा कर. हद्दीपलीकडच्या शिनोळीला पाच मिनिटांसाठी गेलात तरी महाराष्ट्राचा प्रश्न. पांढऱ्या पाटीवर भाडं मारायचं आणि अपघात झाला की विमा कंपनीने हात वर करायचे, हा तिसरा मार्ग बरेच जण धरतात. मी तो कोणालाच सुचवत नाही. भावांनी वैयक्तिक वापर हाच ठरवला. चालवण्याचा परवाना साध्या हलक्या वाहनाचा पुरतो, कारण गाडी साडेसात टनांच्या खूप खाली आहे.

आता इंजिनाकडे. चालतं इंजिन, पण त्याच्या नंबराचा कुठलाही कागद नाही. बिल नाही, ते कुठल्या ट्रॅक्समधून आलं याचा पत्ता नाही, बसवणारा मेस्त्री हयात नाही. नोंद करायला गेलं की पहिला प्रश्न येणार: हे कुठून आणलं? ती ट्रॅक्स चोरीची निघाली तर अण्णा साक्षीदार की आरोपी हे ठरवायला पोलीस लागतील. एका एजंटाने अगदी सहज तोडगा सांगितला. ग्राइंडरने नंबर घासायचा आणि आरसीवरचा पंच करायचा, दोन हजारांत. हा सरळ गुन्हा आहे आणि घासलेली जागा तपासणीत दिसतेच. त्या एजंटाला तिथेच रामराम केला.

तोडगा मेस्त्रींनी काढला, आणि या सगळ्या प्रकरणातली मला सर्वांत आवडलेली गोष्ट तीच. नंबर असतो ब्लॉकवर. क्रँक, पिस्टन, हेड, पंप यांना नंबराशी देणंघेणं नाही. तेव्हा रीतसर मोडीत काढलेल्या एखाद्या ट्रॅक्सचा किंवा ट्रॅव्हलरचा नुसता ब्लॉक बिलासह घ्यायचा, आणि आतलं चांगलं सामान त्यात घालायचं. असा ब्लॉक कोल्हापुरात मिळाला, बिल आणि त्या गाडीची नोंदणी रद्द झाल्याच्या कागदाची प्रत दोन्हींसह. बोअर, म्हणजे पिस्टन चालतो ती नळी, थोडा झिजलेला होता. मग झालं असं की मॅटाडोर गडहिंग्लजच्या शेडमध्ये, आणि तिचं इंजिन पिकअपमध्ये बसून बेळगावला. उद्यमबागेत ब्लॉकचं बोअरिंग-होनिंग, क्रँक तपासून पॉलिश, हेडचं फेसिंग. अण्णांचे जुने सोबती त्या दुकानात होते, त्यामुळे काम डोळ्यांदेखत झालं. अण्णा स्वतः मायक्रोमीटर घेऊन बसले.

एक बारकावा इथे लक्षात ठेवण्यासारखा. या मॅटाडोरला पुढची चाकं ओढतात. ट्रॅक्सला मागची. म्हणून ब्लॉक एकाच जातीचा असला तरी खालचं ऑइलचं चेंबर, गिअरबॉक्सशी जोडणारं घर आणि इंजिनाचे पाय मॅटाडोरचेच ठेवावे लागले. जुन्या इंजिनावरचा एकही कंस फेकू नका, असं मेस्त्रींनी पोराला दोनदा बजावलं होतं, त्याचं कारण हेच. भंगारात गेलेला कंस परत मिळत नाही. तो मग लेथवर बनवावा लागतो आणि त्यातून इंजिन थरथरतं.

बांधून झाल्यावर चारही सिलिंडरचं कॉम्प्रेशन बावीस-तेवीस बारच्या आसपास आलं, आपसातला फरक एकाच्या आत. या इंजिनाला पंधराच्या खाली गेलं की काम काढावं लागतं आणि सिलिंडरमधला फरक तीनपेक्षा जास्त नसावा. नोझल ११५ ते १२५ बारच्या दरम्यान उघडून डिझेल फवारतात का ते बघून पंपाचं कॅलिब्रेशन केलं. हीटर प्लग जुने, सिरीजमध्ये जोडलेले होते. त्यात एक गेला की चारही थंड पडतात. ते बदलून वेगवेगळे जोडले. इंजिनाबद्दल याहून जास्त सांगण्यासारखं काही घडलंच नाही.

दरम्यान कागद चालू होते. क्रम असा लागला. आधी पतसंस्थेचा बोजा. संस्था बंद असली तरी तिचा हिशेब मिटवायला अवसायक नेमलेला असतो, तो कोण हे सहकार खात्याच्या सहायक निबंधक कार्यालयात कळतं. कर्जखात्याचा उतारा निघाला, बाकी शून्य होती, पत्र मिळालं, आणि आरटीओच्या नमुना ३५ वर बोजा उतरला. मग नमुना ३१ वर बँडमास्तरांच्या पत्नींच्या नावावर गाडी. दोन मुलं आणि पुण्याला दिलेली मुलगी यांची संमतीपत्रं जोडून. मुलीची सही राहिली असती तर सगळं अडलं असतं. लेकीची सही लागत नाही असा समज गावाकडे अजून आहे. मग आरसी बुकाची जुनी नोंद संगणकावर चढवणं, ज्याला बॅकलॉग म्हणतात. तीन अक्षरांच्या जुन्या नंबरांच्या बऱ्याच गाड्या आरटीओच्या 'वाहन' या संगणक प्रणालीत नसतातच, आणि तिथे नसलेल्या गाडीचं पुढचं काहीच होत नाही. ती नोंद झाल्यावर पर्यावरण कर, उशिराचा दंड, नूतनीकरणाची फी. १ एप्रिल २०२२ पासून पंधरा वर्षांवरच्या खासगी चारचाकीला ही फी ५,००० झाली, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये वीस वर्षांवरच्या गाडीला १०,००० केली. जुनी गाडी घेताना हा आकडा दर पाच वर्षांनी परत येणार हे धरून चालावं.

पासिंगला नेण्याआधी गडहिंग्लजमध्येच ब्रेक, दिवे, टायर, वायपर, हॉर्न एवढं केलं. व्हील सिलिंडर सगळे नवे, ब्रेकच्या लोखंडी नळ्या सगळ्या नव्या. नळ्यांवर कंजूषपणा करू नये. त्या बाहेरून ठीक दिसतात आणि क्लिपखाली कुजलेल्या असतात. पत्र्याला मुद्दाम हात लावला नाही, फक्त पायरीखाली तात्पुरती पट्टी मारली. रंग होता तोच. चेसिस नंबराभोवतीचा गंज तारेच्या ब्रशनेही घासू दिला नाही, रॉकेलचा बोळा फिरवून अक्षरं स्वच्छ केली. इन्स्पेक्टर कागद ठेवून पेन्सिलने छाप घेतात, तो स्पष्ट उठला पाहिजे. धूर ६५ एचएसयूच्या (धुराचा दाटपणा मोजायचं एकक) मर्यादेच्या बराच खाली आला. इंजिन बदलाची नोंद, नूतनीकरण, आणि मग नमुना २८ वर बेळगावसाठी ना-हरकत. त्या दिवशी पाहुण्यांना उरलेले सत्तर हजार दिले आणि आजींनी गाडीवरून भाकरतुकडा ओवाळून टाकला.

गाडी चालवतच आणली, संकेश्वरवरून राष्ट्रीय महामार्ग ४८ ला लागून. ज्यांना ओढून आणावी लागेल त्यांनी क्रेनवाल्याला आधीच सांगावं की पुढची चाकं उचलायची. ट्रकच्या सवयीने मागून उचलली तर ओढणारी चाकं रस्त्यावर फिरत राहतात आणि जॉइंटची वाट लागते.

बेळगावात कर्नाटकचा केए २२ चा नंबर मिळायला फारसा त्रास झाला नाही. नव्या नंबरासाठी नमुना २७, मालकी बदलाचे २९ आणि ३०, इथला कर, तपासणी. संमतीपत्रं मराठीत होती, त्यांचा कन्नड अनुवाद वकिलाकडून करून जोडला, कोणी मागायच्या आधीच. असं केलं की खिडकीवरचा एक फेरा वाचतो.

आणि मग पत्रा. सगळ्यात जास्त दिवस आणि निम्म्याहून जास्त पैसे इथे गेले.

रंग उतरवताना डाव्या बाजूला क्रीमखाली निळा, निळ्याखाली हाताने रंगवलेली बँडपार्टीची अक्षरं निघाली, शेवटी एक छोटा पिवळा ट्रंपेट. पेंटरने अण्णांना बोलावून दाखवलं. फोटो काढून ठेवले आणि खरवडलं, कारण त्याच अक्षरांच्या खालचा पत्रा कुजलेला होता.

उद्यमबागेत शॉट ब्लास्टिंगची, म्हणजे जोराने छर्रे मारून गंज-रंग उतरवायची, सोय घरोघरी म्हणावी इतकी आहे, म्हणून धाकट्यांना वाटलं सगळी बॉडीच ब्लास्ट करून घेऊ. ते मशीन कास्टिंगसाठी असतं. वीस गेजचा, म्हणजे जेमतेम ०.९ मिलिमीटरचा पत्रा त्या माऱ्याखाली ताणला जातो आणि पापडासारखा फुगून येतो. नंतर किती ठोका, सपाट होत नाही. ब्लास्टिंगला फक्त जाड भाग पाठवले: बंपरचे कंस, सीटांच्या चौकटी, स्पेअर चाकाचा पिंजरा. बाकी बॉडी ग्राइंडरवरची तारेची वाटी आणि पेंट रिमूव्हर यांनीच साफ केली. वेळखाऊ, पण पत्रा वाचला.

उंबरे दोन्ही बाजूंचे पूर्ण नवे, अठरा गेजमध्ये. तयार मिळत नाहीत. जुने अख्खे कापून काढण्याआधी पुठ्ठ्याचे साचे घेतले, मग प्रेस ब्रेकवर वाकवून घेतले. कापण्याआधी दारांच्या चौकटीत आडवे-उभे अँगल टाचून ठेवले होते. ते नसते तर गाडी मध्ये बसली असती आणि दारं पुन्हा कधी लागली नसती. वेल्डिंग सीओटू वायूच्या इलेक्ट्रिक मशीनवर, एका जागी इंचभर, मग दुसरीकडे, मग परत. गॅस वेल्डिंग स्वस्त पडतं पण उष्णतेने पत्रा लाटा मारतो. एका जुन्या वेल्डरने गॅसवर करून देतो म्हणून आग्रह धरला होता, त्याला छताच्या आतला एक न दिसणारा कोपरा दिला. तो त्याने सुरेख केला. हात असला की गॅसही चालतो हे मान्य करायला हवं.

छताच्या गटरवरची सगळी भोकं बंद केली. आतून इपॉक्सी प्रायमर, सांध्यांवर सीलंट, आणि उंबऱ्याच्या पोकळीत मेणाचा फवारा. उंबऱ्याला खालून मुद्दाम निचऱ्याची भोकं ठेवली. बरेच मेस्त्री ती बुजवतात, गाडी घट्ट वाटावी म्हणून. खानापूरच्या पावसात आत गेलेलं पाणी मग तिथेच राहतं आणि तीन पावसाळ्यांत सगळं परत कुजतं. हे सगळं मिरगाच्या आत आटपायचं होतं, कारण पावसाळी हवेत प्रायमर वाळत नाही आणि खाली ओल धरून बसतो. रंगाचं शेवटचं काम तरीही जूनमध्ये गेलं. पेंटरने बूथमध्ये हॅलोजन लावून ते केलं आणि उजव्या बाजूला रंगाचं पोत किंचित वेगळं आलं आहे. सांगितलं नाही तर कळत नाही.

रंग क्रीमच ठेवला. आरसीवर तोच होता आणि बदलायचं कारण नव्हतं. सीटा मात्र आरसीवर लिहिल्या तेवढ्याच, बारा अधिक चालक. भाचेकंपनीसाठी मागे एक बाक वाढवायचा हट्ट झाला होता, पण जादा सीट म्हणजे पुन्हा बदलाची नोंद आणि अपघातात विम्याला निमित्त. विम्याचं मूल्यही आधीच बोलून घ्यावं लागलं. पाच वर्षांवरच्या गाडीची विमा किंमत कंपनी आणि मालक आपसात ठरवतात. पहिल्या कंपनीने मॅटाडोर ऐकूनच फक्त थर्ड पार्टी देतो म्हटलं. दुसरीने फोटो, बिलं आणि तपासणी बघून रक्कम मान्य केली. बिलं जपून ठेवलेली असल्याचा तिथे रोख फायदा झाला.

खर्चाचा अंदाज हवा असेल तर गाडीच्या किमतीसह साडेपाच लाखांच्या घरात. पत्रा आणि रंग त्यातला निम्म्याहून जास्त, इंजिन साधारण पाचवा हिस्सा, बाकीच्यात ब्रेक, टायर, वायरिंग, रेक्झिन, आणि कागदपत्रं. तेवढ्या पैशात वापरलेली ट्रॅव्हलर येते, एसी वगैरे. हे धाकट्यांनी अण्णांना ऐकवून झालं आहे आणि त्यावर अण्णा काही बोलत नाहीत.

सध्या गाडी चालू आहे. सौंदत्तीला जाऊन आली, चढावर तापली नाही. दोन गोष्टी बाकी आहेत. डावीकडच्या ड्राइव्ह शाफ्टचं रबरी बूट दुसऱ्याच गाडीचं कापून बसवलंय, त्यातून ग्रीस उडतं. त्या मापाचं बूट कोल्हापूरच्या एका जुन्या स्पेअर दुकानात सांगून ठेवलं आहे, आणि मिळालं तर दोन घ्यायचं ठरलं आहे. दुसरं कॅरिअरचं. यात्रेला सामान कुठे ठेवायचं म्हणून घरच्या बायकांना तो परत हवाय. मेस्त्रींनी गटरला भोक न पाडता चिमट्याने धरणारे पाय बनवून द्यायचं कबूल केलंय, पण त्यांनी अजून माप घेतलेलं नाही, आणि तोवर जुना कॅरिअर अण्णांच्या परसात भिंतीला टेकून उभा आहे, त्यावर सध्या दोडक्याचा वेल सोडलाय.